उघड्यावरच्या सागवानी डेकला पीयू की मुरणारा स्टेन?

तुमचा प्रश्न आधी माझ्या शब्दांत मांडतो, म्हणजे दोघं एकाच गोष्टीबद्दल बोलतोय हे पक्कं होईल. मुळशी धरणाच्या बाजूला घर, घरापुढे साडेतीनशे चौरस फुटांचा सागवानी डेक, वर छप्पर नाही. तीन वर्षांपूर्वी बसवला तेव्हा ठेकेदारानं बाहेरच्या वापराचं पीयू (पॉलियुरेथेन, लाकडावर कडक पारदर्शक थर धरणारं पॉलिश) तीन हात मारून दिलं. पहिला पावसाळा छान गेला. दुसऱ्यात फळ्यांच्या कडा पांढुरक्या झाल्या. तिसऱ्यानंतर पापुद्रे सुटायला लागले आणि त्याखाली काळे डाग दिसले. एक रंगारी म्हणतो, घासून पुन्हा चांगल्या कंपनीचं पीयू मारू. दुसरा म्हणतो, बेलतेल (उकळलेलं अळशीचं तेल) पाजा. मेहुणे म्हणतात, उखडून डब्ल्यूपीसी (लाकडाचा भुसा आणि प्लॅस्टिक मिसळून केलेल्या फळ्या) टाका. गेल्या श्रावणात वडील त्यावरून घसरले. आता मे निम्मा सरलाय, पाऊस यायच्या आत काम उरकायचंय आणि कुठला स्टेन (लाकडात मुरणारा पातळ रंग) घ्यावा हे हवंय.

तुम्ही डब्याचं नाव विचारलंय. पण डबा उघडायला अजून आठ-नऊ महिने आहेत, असं माझं स्पष्ट मत आहे. त्याआधी दोन गोष्टी समजून घ्यायला हव्यात. ठेकेदारानं वापरलेलं पीयू हलकं होतं म्हणून ते उडालं, असं तुम्हाला वाटतंय. बहुतेक तसं नसावं. भारी पीयूही तिथे उडालंच असतं. मी २२ वर्षं पुण्यात लाकडाच्या पॉलिशचं काम करतोय. सुरुवातीच्या काळात मीही लोणावळ्यातल्या एका बंगल्याच्या डेकला महागातलं पीयू मारून दिलं होतं. दोन पावसाळ्यांत ते सोललं. ते काम मी स्वखर्चानं पुन्हा केलं, आणि तेव्हापासून पावसात राहणाऱ्या, पायाखालच्या लाकडाला वर थर धरणारं काहीही लावत नाही.

यामागचं कारण नीट सांगतो, कारण ते पटलं की पुढचं सगळं आपोआप सुचतं. लाकूड वर्षभर हलत असतं. एप्रिल-मेच्या कोरड्या उन्हात आकसतं, जुलैच्या झडीत फुगतं. लांबीत हा फरक कळत नाही, रुंदीत कळतो. सागवान कमी हलणाऱ्या लाकडांपैकी आहे, तरी चार इंची फळी उन्हाळा ते पावसाळा मिलिमीटरभर तरी कमी-जास्त होते. पीयूचा थर कडक असतो. तो पहिलं वर्ष ताण सहन करतो, मग फळीच्या कडेला, स्क्रूच्या डोक्याभोवती आणि आडव्या कापलेल्या टोकांवर केसाएवढ्या भेगा जातात. त्या भेगेतून पाणी आत शिरतं. आत शिरायला वाट आहे, पण वरून बाकी सगळीकडे थर बंद असल्यामुळे बाहेर पडायला नाही. ऊन पडलं की त्या पाण्याची वाफ खालून थराला ढकलते. तुमच्या कडा पांढुरक्या झाल्या त्या इथे.

दुसरं काम ऊन करतं. पारदर्शक थरातून उन्हातले अतिनील किरण बरेचसे थेट लाकडावर पोचतात आणि लाकडाचे तंतू एकमेकांना धरून ठेवणारं लिग्निन तोडतात. थर वरून शाबूत दिसतो, पण तो ज्याला चिकटलाय तो लाकडाचा वरचा पातळ पदर मेलेला असतो. म्हणून तुमचे पापुद्रे नखानं उचलले की त्यांच्या पाठीला लाकडाचे बारीक तंतू लागलेले दिसतील. एकदा उचलून बघा. हॉलमधल्या टेबलाला ना एवढं ऊन लागतं ना पाऊस, म्हणून तिथे तेच पीयू वर्षानुवर्षं टिकतं. भिंतीलगतच्या उभ्या लाकडावरही बरं टिकतं, कारण पाणी ओघळून जातं. डेक आडवा आहे, पाणी त्यावर साठतं, वर ऊन उभं पडतं आणि शिवाय चपला घासतात.

मुरणारा स्टेन वर थर धरत नाही. तो तेलासारखा पातळ असतो, तंतूंमध्ये शिरतो आणि तिथेच सुकतो. पाणी पटकन आत जाऊ देत नाही, पण वाफ बाहेर सोडतो. त्यात रंगाची जी बारीक पूड असते ती नुसती शोभेची नाही, ती ऊन अडवते. ही पूड बहुतेक वेळा लोहाच्या ऑक्साइडची, म्हणजे आपल्या गेरू-हिरमुंजीच्या जातीचीच असते. आणि सगळ्यात महत्त्वाचं, हा स्टेन संपतो तो झिजून, फिकट होऊन. सोलून निघत नाही. त्यामुळे पुढच्या वेळी घासाघीस करायची नसते. धुवायचं, वाळू द्यायचं, पुन्हा एक हात पाजायचा. पीयूपेक्षा तो जास्त वर्षं टिकतो असं मी म्हणणार नाही, उलट कमीच टिकतो. पण तो जातो तेव्हा दुरुस्ती एका दिवसात होते, म्हणून मी त्याच्या बाजूनं आहे.

आता काही गोष्टी मला इथे बसून सांगता येणार नाहीत. फळ्या नुसत्या गाभ्याच्या आहेत की सालीकडची पांढरी पट्टी तशीच ठेवलेली आहे, यावर बरंच अवलंबून आहे. गाभा सोनेरी-तपकिरी आणि तेलकट असतो, स्टेन कमी पितो आणि सहजी कुजत नाही. पांढरी पट्टी भसाभसा पिते आणि कुजणारी, वाळवी लागणारी तीच असते. डेकवर झाडाची सावली आहे का? सावलीत ऊन कमी, पण शेवाळ जास्त. डेक जमिनीपासून किती उंच आहे आणि खालून वारा खेळतो का? फळ्यांमध्ये फट किती? पाच-सहा मिलिमीटर असेल तर उत्तम. फटच नसेल, किंवा फटींत पानांचा लगदा बसला असेल, तर वरून जगातला कुठलाही स्टेन लावा, ओल खालून येत राहील. काळे डाग स्क्रूभोवती आहेत की सगळीकडे पसरलेत हेही बघा. सागवानात टॅनिन असतं, ते साध्या लोखंडी स्क्रूशी भेटलं की निळसर काळा डाग पडतो. तसं असेल तर घासायच्या आधी स्क्रू बदला, स्टेनलेस स्टीलचे घाला. नाहीतर वर कितीही मेहनत करा, पहिल्याच पावसात डाग परत येतील.

घाईबद्दल. मेच्या उत्तरार्धात मुळशीकडे कधी वळीव येईल सांगता येत नाही. घासणं, धुणं, पूर्ण वाळणं, स्टेन आणि तो मुरून सुकणं, याला सलग दहा-बारा कोरडे दिवस लागतात. शिवाय मेमध्ये दुपारी डेकवर अनवाणी पाय ठेववत नाही इतका तो तापतो. तापलेल्या फळीवर स्टेन आत शिरायच्या आधीच वर सुकतो आणि आपण टाळायला निघालेला थरच तयार होतो. म्हणून यंदा घाई करू नका. सुटलेले पापुद्रे पत्तीनं खरवडून काढा, डेक खराट्यानं आणि साध्या साबणाच्या पाण्यानं धुवा आणि पावसाळा तसाच जाऊ द्या. उघडं पडलेलं सागवान चार महिन्यांत करडं होईल, पण कुजणार नाही, आणि तो करडेपणा तुम्ही नंतर घासून काढणारच आहात. वर ताडपत्री मात्र अंथरू नका, खाली ओल कोंडते. वडिलांसाठी म्हणून दर पंधरा दिवसांनी खराटा मारा, शेवाळ कोवळं असतानाच निघतं. पायपुसणी किंवा रबरी मॅटही नको, त्यांच्याखाली ओल राहते आणि तिथेच लाकूड खराब होतं.

खरं काम फेब्रुवारीत करा. दिवाळीनंतर लाकूड वाळायला लागतं, पण त्या खोऱ्यात डिसेंबर-जानेवारीत दव खूप पडतं. फेब्रुवारी ते होळी हा काळ मला सगळ्यात सोयीचा वाटतो. लाकूड कोरडं असतं, ऊन अजून भाजणारं नसतं, आणि काम झाल्यावर मार्च ते मेचं कडक ऊन नि मग पाऊस, या दोन्हींच्या आधी स्टेन ताजा असतो.

बेलतेलाबद्दल विचारलंय. जुन्या घरांच्या पडवीतले खांब, झोपाळा, दारं यांना बेलतेल पिढ्यान् पिढ्या लावलं जातं आणि तिथे ते छानच आहे, कारण वर कौलं असतात. उघड्या पावसात नुसतं अळशीचं तेल बुरशीचं खाद्य होतं. एका पावसाळ्यात लाकूड काळं पडतं, आणि तो काळेपणा खोल असतो. बाहेरच्या डेकसाठी बनवलेल्या स्टेनमध्येही पुष्कळदा अळशीचं तेल असतं, पण सोबत बुरशीनाशक, राळ आणि रंगाची पूड असते. फरक तिथे पडतो. कोणी जळकं ऑइल (गाडीचं वापरून झालेलं इंजिन ऑइल) सुचवलं तर साफ नाही म्हणा. कुंपणाच्या खांबांना लोक लावतात, पण जिथे माणसं अनवाणी बसतात-झोपतात तिथे ते अंगाला चांगलं नाही, आणि एकदा ते आत गेलं की त्यावर दुसरं काही धरत नाही. काजूच्या टरफलांचं तेल होड्यांना लावतात तेही इथे नको, ते बिब्ब्यासारखं अंगावर उततं.

आता फेब्रुवारीतलं काम. यातला तीन-चतुर्थांश वेळ तयारीत जाणार आहे, हे आधीच मनात धरा. राहिलेलं पीयू पूर्ण निघालं पाहिजे. अर्धवट राहिलं तर स्टेन तिथे शिरणार नाही आणि डेक वाघाच्या कातड्यासारखा दिसेल. दोन डब्यांचं पीयू, म्हणजे हार्डनर मिसळून मारलेलं, रिमूव्हरनं नीट निघत नाही असा माझा अनुभव आहे. बुडबुडे येतात, चिकट राडा होतो आणि शेवटी घासावंच लागतं. म्हणून मी थेट घासायचं मशीन लावतो. त्याआधी सगळ्या स्क्रूंची डोकी दोन-तीन मिलिमीटर खाली दाबून घ्या, नाहीतर कागदही फाटतो आणि मशीनही जातं. पहिला फेरा ४० किंवा ६० नंबरच्या पॉलिश पेपरचा, लाकडाच्या रेषेच्या दिशेनं. दुसरा ८० नंबरचा. आणि इथे थांबा.

या थांबण्याबद्दल दोन शब्द जास्त बोलतो, कारण चांगला पॉलिशवाला इथेच चुकतो. आम्हा लोकांच्या हाताला सवय असते १२०, १८०, २२० अशी चढत जायची, हात फिरवला की रेशमासारखं लागलं पाहिजे. फर्निचरला ते बरोबर. डेकवर बारीक कागद मारला की लाकडाची छिद्रं त्याच्याच भुशानं बुजतात आणि लाकूड तकतकीत होतं. स्टेन आत शिरत नाही, आणि पावसात ती फळी घसरडीही होते. ८० नंबरवर राहिलेला किंचित खरखरीतपणा वडिलांच्या पायाला धरून ठेवेल. तुमच्या कारागिराला हे आधी सांगा, नाहीतर तो प्रेमानं १८० मारून देईल. साडेतीनशे फुटांना दोन माणसं मिळून चार दिवस लागतात असं धरा. सागवानाच्या भुशानं काहींना त्वचेचा आणि श्वासाचा त्रास होतो, तेव्हा चांगला मास्क घालायला लावा, तोंडाला बांधलेला रुमाल पुरत नाही.

घासल्यावर डाग राहिले असतील तर ऑक्सॅलिक अ‍ॅसिड वापरायचं. केमिकलच्या दुकानात पांढऱ्या खड्यांच्या रूपात मिळतं. लिटरभर कोमट पाण्याला पन्नास-साठ ग्रॅम, प्लॅस्टिकच्या बादलीत. डेक आधी ओला करा, मग हे पाणी नायलॉनच्या ब्रशनं पसरा, पंधरा-वीस मिनिटं ठेवा, वाळू देऊ नका, आणि भरपूर पाण्यानं दोनदा धुवा. लोखंडाचे काळे डाग यानं विरघळल्यासारखे जातात आणि सागवानाचा मूळ सोनेरी रंग वर येतो. हे विषारी आहे. हातमोजे, चष्मा हवाच, कुत्रं बांधून ठेवा, आणि कडेच्या झाडांना आधी पाणी देऊन माती भिजवा. ब्लीचिंग पावडर मात्र वापरू नका. तिनं शेवाळ जातं, पण लाकडाचे तंतूही मऊ पडतात आणि रंग मेल्यासारखा पांढरट होतो. प्रेशरच्या पाण्यानं धुवायचं असेल तर पंख्यासारखी पसरणारी नोझल लावा, फुटभर लांब धरा आणि रेषेनं जा. जवळून मारलं की मऊ भाग उडतो आणि फळीवर नांगरल्यासारखे चर पडतात. तसा एक डेक मला अख्खा पुन्हा घासावा लागला आहे.

धुतल्यावर फेब्रुवारीच्या उन्हात चार कोरडे दिवस द्या. आमच्याकडे ओलावा मोजायचं छोटं मीटर असतं, त्यात आकडा १५ टक्क्यांच्या खाली आला की मी डबा उघडतो. तुमच्याकडे मीटर नसेल तर फुटभर प्लॅस्टिकचा तुकडा चारी बाजूंनी टेप लावून रात्रभर फळीवर चिकटवा. सकाळी आतल्या बाजूला थेंब जमलेले दिसले तर अजून दोन दिवस थांबा. मग चमचाभर पाणी फळीवर टाका. दोन-तीन मिनिटांत शोषलं गेलं तर लाकूड स्टेन प्यायला तयार आहे. मोत्यासारखे थेंब तसेच राहिले तर तिथे जुनं पीयू शिल्लक आहे किंवा सागवानाचं स्वतःचं तेल वर आलंय. तेल असेल तर लावायच्या आधी थिनरच्या फडक्यानं पुसलं की भागतं.

आता तुमचा मूळ प्रश्न, कुठला घ्यावा. मी कंपनीचं नाव सांगत नाही, कारण एकाच कंपनीचे दोन डबे एकदम वेगळे असतात. डब्यावर काय लिहिलंय ते वाचा. बाहेरच्या वापरासाठी, त्यातही आडव्या लाकडासाठी, म्हणजे डेकसाठी, असं स्पष्ट लिहिलेलं असलं पाहिजे. खिडक्या-दारांसाठीचं चालणार नाही. ग्लॉस, सेमी-ग्लॉस, सॅटिन असे चकाकीचे प्रकार दिलेले असतील तर बहुतेक वेळा तो थर धरणारा प्रकार असतो, तो ठेवून द्या. जादा राहिलेलं पुसून काढा अशी सूचना असेल तर तो मुरणारा. खात्री करायची तर छोटा डबा आणून एका तुकड्यावर लावा आणि चार दिवसांनी नखानं ओरखडा काढा. नखाखाली पापुद्रा आला तर तो स्टेन नव्हे, पातळ वॉर्निश आहे.

रंगात पूर्ण पारदर्शक घेऊ नका. तुम्हाला सागवानाचा मूळ रंग आवडतो आणि तोच ठेवायचाय हे मला कळतं, जवळजवळ प्रत्येक मालक हेच म्हणतो. पण रंगाची पूड नसली की ऊन अडत नाही आणि सहा-आठ महिन्यांत फळ्या करड्या होतात. अर्धपारदर्शक घ्या, म्हणजे रेषा दिसतात आणि थोडा रंगही असतो. मध किंवा सागवानी तपकिरी छटा तुमच्या लाकडावर उपरी वाटणार नाही. पूर्ण झाकणारा सॉलिड स्टेन नको, तो जवळपास रंगच असतो आणि रंगासारखाच सुटतो. तेलाचा की पाण्याचा, यावर चांगल्या कारागिरांमध्येही दोन मतं आहेत. पाण्याचे अलीकडे बरेच सुधारलेत, वास कमी, सुकतात लवकर. तरी सागवानासारख्या घट्ट, तेलकट लाकडावर तेलाचा जास्त आत जातो असं मला दिसलंय, म्हणून मी तोच वापरतो.

माल किती लागेल? ८० नंबरवर घासलेल्या सागवानाला लिटरमागे ऐंशी ते शंभर चौरस फूट धरा. पहिल्या हाताला चार लिटर, दुसरा लागलाच तर त्याच्या निम्मा. फळ्यांच्या कडा, टोकं आणि पायऱ्या धरून सहा-सात लिटर आणून ठेवा. दोन-तीन डबे असतील तर सगळे एका बादलीत मिसळून घ्या, नाहीतर डब्याडब्याच्या छटेतला फरक डेकच्या मधोमध दिसतो. आणि काम चालू असताना दर दहा मिनिटांनी तळापासून ढवळा. पूड खाली बसते, वरचं वरचं वापरलं तर पहिल्या फळ्या फिक्या आणि शेवटच्या गडद होतात.

सकाळी दव सुकल्यावर सुरू करा आणि ऊन चढलं की थांबा, उरलेलं चारनंतर. एका वेळी दोन किंवा तीन फळ्या घ्या आणि त्या या टोकापासून त्या टोकापर्यंत पूर्ण करा. मधेच चहाला उठलात तर तिथे जोड दिसतो आणि तो नंतर जात नाही. चार इंची ब्रश पुरे. रोलरनं घातलं तरी मागून ब्रशनं आत दाबत जा. फळ्यांची कापलेली टोकं विसरू नका, पाणी सगळ्यात जास्त तिथून शिरतं. टोकांना पितील तितके, दोन-तीन हात द्या.

मग पंधरा-वीस मिनिटं थांबायचं आणि सुती फडक्यानं पुसायचं. मला विचाराल तर या सगळ्या कामात हे पुसणं सर्वात मोलाचं आहे. लाकडाला जेवढं प्यायचं तेवढं ते या वेळात पितं. वर जे चकाकताना दिसतं ते जादा आहे. ते तसंच राहिलं तर चिकट राहतं, धूळ धरतं, पहिल्या पावसात काळं पडतं. रंगाऱ्याला पुसणं म्हणजे माल वाया घालवणं वाटतं आणि तो म्हणतो, साहेब, अजून एक हात मारतो, पक्कं होईल. इथे उलटं आहे. सागवानाचा गाभा पुष्कळदा एकाच हातात भरतो. दुसरा हात द्यायचा की नाही, आणि तासाभरात द्यायचा की दुसऱ्या दिवशी, हे डब्यावर लिहिलेलं असतं, तेच पाळा. पण वीस मिनिटांनंतर पहिलाच हात निम्मा वर राहिला असेल तर डब्यावर काहीही लिहिलेलं असो, पुसा आणि थांबा. निदान दोन दिवस चालायचं नाही, आठवडाभर खुर्च्या-कुंड्या ठेवायच्या नाहीत.

पुसलेल्या फडक्यांचं मी प्रत्येकाला दोनदा सांगतो. तेल सुकताना उष्णता तयार होते. फडकी बोळा करून गोणीत किंवा कोपऱ्यात टाकली तर ती उष्णता बाहेर पडत नाही आणि ती आपोआप पेट घेऊ शकतात. त्याला काडी लागत नाही, ठिणगी लागत नाही. आमच्या एका साइटवर संध्याकाळी गोणीत भरलेल्या फडक्यांतून रात्री धूर निघाला. राखणदार जागा होता म्हणून शेजारचं लाकूड वाचलं. तेव्हापासून आमच्याकडे नियम आहे. फडकी एकेक करून मोकळ्या जागी पसरून वाळवायची, किंवा पाण्यानं भरलेल्या पत्र्याच्या डब्यात बुडवून ठेवायची. तुमच्या कारागिरानं हे केलंय ना, हे संध्याकाळी स्वतः डोळ्यांनी बघा.

देखभाल वर्षातून दोन वेळा. दसऱ्याच्या सुमारास पाऊस ओसरला की मऊ ब्रश आणि साबणानं धुवा, फटींतला पाला सळईनं काढा, कुंड्या उचलून त्याखालचं बघा. कुंड्यांना पाय असलेले स्टँड द्या. मग फेब्रुवारीत पुन्हा चमचाभर पाण्याची परीक्षा. पाणी थेंब होऊन राहिलं तर त्या वर्षी काही करू नका. शोषलं गेलं तर धुऊन, वाळवून एक पातळ हात आणि पुसणं. मुळशीचा पाऊस आणि उघडं ऊन धरता हे बहुतेक दरवर्षी लागेल. कठडा उभा आहे, त्याला दोन-तीन वर्षांनी पुरेल. दारापासून पायऱ्यांपर्यंतचा चालण्याचा पट्टा आधी फिका पडतो, तेव्हा नुसता तेवढाच केला तरी चालतो, जोड मिसळून जातो. पीयूमध्ये ही सोय नव्हती.

दरवर्षी एक दिवस देणं जमणार नसेल तर तेही मोकळेपणानं ठरवा. पीयू घासून काढा आणि सागवान तसंच सोडा. ते रुपेरी करडं होईल, बारीक भेगा पडतील, पण गाभ्याचं सागवान स्टेन नसला म्हणून सहजी कुजत नाही. शेवाळ तेवढं काढत राहावं लागेल. मी स्वतः एका वयस्कर जोडप्याला हेच सुचवलं होतं आणि त्यांचा डेक आजही भक्कम आहे. स्टेन रंग टिकवतो, भेगा आणि पृष्ठभागाची झीज कमी करतो. लाकडाचं आयुष्य मुख्यतः खालच्या वाऱ्यावर आणि पाण्याच्या निचऱ्यावर ठरतं. डब्ल्यूपीसीबद्दल मेहुण्यांचं म्हणणं अगदी चुकीचं नाही, त्याला तेल लागत नाही. पण ते उन्हात सागवानापेक्षा जास्त तापतं, शेवाळ त्यावरही धरतं, आणि चांगलं सागवान उखडून ते टाकायला माझं मन धजत नाही. उखडायचा विचार फक्त खालचे वासे खराब निघाले तरच करा. टोकदार पेचकस घेऊन वाशांच्या टोकांना दाबून बघा, तो लोण्यात जावा तसा आत गेला तर वरच्या कामाचा एक रुपयाही खर्च करायच्या आधी मला कळवा.

या शनिवार-रविवारी एवढंच करा. डेक बसवताना उरलेला फळीचा तुकडा घरी असेलच. तो ८० नंबरनं घासा, पेन्सिलीनं चार भाग करा. पहिल्यावर पारदर्शक स्टेन, दुसऱ्यावर मधाची छटा, तिसऱ्यावर सागवानी तपकिरी, चौथा कोरा. सगळ्यात लहान डबे आणा. लावून, पुसून, मागे तारीख लिहा आणि दोन-तीन दिवस सावलीत सुकल्यावर तो तुकडा डेकच्या कडेला, उन्हापावसात आडवा ठेवून द्या. दसऱ्याला त्याचा फोटो काढून पाठवा, म्हणजे कुठला रंग घ्यायचा हे आपल्याला त्या तुकड्यावरच दिसेल.